घराखालची कपाशी

कोतवाल आला तेव्हा मी अंगणात जुनी चादर अंथरून मिरच्या वाळत घालत होते. सकाळचे अकरा वाजले असतील. तो मोटारसायकलवरून उतरलासुद्धा नाही, नुसता एक पाय जमिनीला टेकवला आणि मामाजी आहेत का म्हणून विचारलं. मामाजी म्हणजे माझे सासरे. मी म्हटलं, ते शेवंतीले पाणी देऊन राहिले, काय काम आहे? तो म्हणाला, "तहसीलचा कागद हाय. घरातलं कोणीबी सही करा, चालते." मी मिरचीचे हात पदराला पुसले आणि सही केली.

कागद उभ्याउभ्याच वाचला. मामाजींच्या नावाने नोटीस होती. सदर गटातील शेतजमिनीवर विनापरवानगी अकृषिक बांधकाम केल्याचे आढळून आले आहे, ते निष्कासित का करण्यात येऊ नये, याचा खुलासा अमुक तारखेला समक्ष हजर राहून करावा. निष्कासित हा शब्द मी जन्मात कधी तोंडातून काढलेला नाही, पण अर्थ बरोबर कळला. पाडणार. माझं घर पाडणार. मी त्या मिरच्यांच्या कडेला खाली बसले. डोळ्यांची आग व्हायला लागली तेव्हा कळलं की त्याच हातांनी मी तोंड पुसत होते.

वाफ्याकडून मामाजींनी हाक मारली, "कोण आलतं वं?"

मी म्हटलं, "गॅसवाला, मामाजी."

हे माझं पहिलं खोटं नव्हतं, पण त्या प्रकरणातलं पहिलं. कागदाची घडी केली आणि साबुदाण्याच्या डब्यात ठेवली. उपास घरात मी एकटीच करते, त्या डब्याला दुसरं कोणी हात लावत नाही.

आमचं शेत दीड एकराचं. अमरावतीहून नांदगाव खंडेश्वरला जाताना डांबरी रस्ता सोडून थोडं आत जावं लागतं. अर्ध्यात फुलं आणि भाजी, अर्ध्यात कपाशी आणि तूर, आणि विहिरीजवळच्या दोन कडुनिंबांखाली आमचं घर. घर म्हणजे दोन खोल्या आणि ओसरी, वर पत्रे. त्याआधी चौदा वर्षं आम्ही राजापेठेत भाड्याने राहिलो. माझ्या नवऱ्याचं तिथे हारफुलांचं दुकान आहे. खाली दुकानं, वर ट्यूशन क्लास, आणि मधे आम्ही. जिन्यात पोरांचे जोडे आणि बाहेर गाड्यांचे हॉर्न. घरमालक वाटेल तेव्हा खोली बदला म्हणायचा. मी दोन लेकरं त्या जिन्यावरून कडेवर घेऊन चढवली आहेत, म्हणून स्वतःचं घर काय असते ते मला कोणी शिकवू नये.

आपल्याच शेतात घर बांधायला परवानगी लागते हे आम्हाला माहीतच नव्हतं, असं मी सगळ्यांना सांगत आले. तेही खोटं. पाया खणताना मिस्त्रीनेच विचारलं होतं, एनए झालं का, म्हणजे अकृषिक परवानगी काढली का म्हणून. हे म्हणाले, होऊन जाईल. अन् त्या "होऊन जाईल"वर आम्ही सात वर्षं संसार केला.

मामाजींनी मात्र घराला हो म्हणताना एक अट घातली होती. "बांधा घर. पण माह्या सातबाऱ्यावर पड लागली नाई पाह्यजे."

पड म्हणजे न पेरलेली जागा. शेतात घर बांधलं की तेवढी जागा पिकाखाली राहत नाही, ती सातबाऱ्यावर पड म्हणून लिहावी लागते, यात लाजण्यासारखं काही नाही. पण मामाजींना ते कोण समजावणार! त्यांच्या तरुणपणी त्यांना विषमज्वर झाला होता आणि एक हंगाम शेत तसंच राहिलं. तेव्हा तलाठी गावातली चार माणसं घेऊन धुऱ्याधुऱ्याने, शेताच्या कडेकडेने, पीक पाहणी करायचा आणि मोठ्याने बोलून लिहून घ्यायचा. त्यांच्या शेतापाशी तो ओरडला, पड. त्या साली त्यांच्या बहिणीची ठरत आलेली सोयरीक मोडली. ज्याच्या घरात जमीन पड राहते त्याच्या घरची पोरगी नको, असा निरोप आला. तेव्हापासून या माणसाने धुरासुद्धा सोडला नाही. धुऱ्यावर तूर, विहिरीच्या काठावर वाल, बांधावर अंबाडी. अक्षरओळख नाही, पण दरवर्षी मी सातबारा काढून आणायचा आणि पिकाचा रकाना त्यांना वाचून दाखवायचा, हा आमच्या घरचा नेम होता.

पुढे पीक पाहणी मोबाइलवर आली. शेतात उभं राहून पिकाचा फोटो काढायचा आणि कोणतं पीक किती क्षेत्रात आहे ते स्वतः भरायचं. खातं मामाजींच्या नावाचं, मोबाइल माझा, बोटं माझी. पहिल्या वर्षी मी क्षेत्र भरताना थांबले. घराची जागा वजा करायला पाहिजे, हे मला कळत होतं. मामाजी बाजूलाच काठी टेकून उभे होते. "पुरं लिवलं ना वं?" मी म्हटलं, हो. आणि पूर्ण दीड एकर भरलं. घराखाली कपाशी लावून टाकली! पुढच्या वर्षी तेच, त्याच्या पुढच्या वर्षीही तेच. म्हातारा खूश, मी खूश, शासन खूश. कोणाचं काय बिघडते, असं वाटायचं.

बिघडलं ते असं. आमच्या बाजूचं शेत विकलं गेलं आणि तिथे प्लॉट पाडले. त्यांचा रस्ता आमच्या धुऱ्यापाशी येऊन अडत होता. त्यांचा माणूस दोनदा येऊन गेला, थोडी पट्टी द्या म्हणाला. मामाजींनी त्याला पाणी पाजलं, गूळ दिला आणि पट्टी दिली नाही. त्यानंतर महिनाभरात नोटीस आली. अर्ज कोणी केला ते कागदावर नव्हतं आणि मी कोणाकडे बोट दाखवत नाही. पण त्यांचा पिवळा जेसीबी रोज सकाळी सुरू व्हायचा. ते मशीन त्यांच्या शेतात काम करायचं, मला माहीत होतं. तरी मी हातातलं काम टाकून बाहेर जाऊन पाहायचे की त्याचं तोंड कोणीकडे आहे.

नवऱ्याला त्या दिवशी दुकानात जाऊन सांगितलं. हार ओवता ओवता त्यांची सुई थांबली. "बाबाले सांगतलं का?" मी म्हटलं, "तुमीच सांगा." ते पुन्हा ओवायला लागले. भीती वाटली की हा माणूस मुका होतो, आणि मी तोंड सोडते. त्या दिवशी गिऱ्हाइकांसमोर मी त्यांना काय काय बोलले ते इथे लिहीत नाही.

वकील अमरावतीचेच केले. जमीन मामाजींच्या नावाने, म्हणून वकीलपत्रावर अंगठा त्यांचाच लागणार होता. मी घरी येऊन मामाजींना म्हटलं, पीक विम्याचा कागद आहे. त्यांनी विचारलंसुद्धा नाही. शाईच्या डबीत अंगठा बुडवला, मी दाखवलं तिथे दाबला आणि मग तो अंगठा डोक्याच्या केसांना पुसला. मला रडू येत होतं आणि स्वतःची चीडही येत होती. ज्या माणसाला वाचता येत नाही त्याला फसवायला काय अक्कल लागते?

वकिलांनी पहिल्याच दिवशी सांगितलं की सगळं एका गोष्टीवर अडलं आहे. दोन वर्षांपूर्वीची एक तारीख होती. त्या तारखेच्या आधीचं घर असेल तर दंड भरून नियमित करून मिळू शकते, नंतरचं असेल तर पाडावंच लागते. मी म्हटलं, मग काय, आमचं तर सात वर्षांचं आहे. ते म्हणाले, कागद आणा. अन् कागद होता कुठे? वीज विहिरीवरच्या मोटरच्या मीटरवरून घेतलेली, घराचं बिल नाही. ग्रामपंचायतीने शेतातल्या घराची नोंद घेतली नव्हती. रेशन कार्ड आणि आधार राजापेठेच्या पत्त्यावरच होते, कोण बदलत बसते! वकिलांच्या मुलाने गुगलचा नकाशा मोठा करून पाहिला, तर तिथे नुसते दोन कडुनिंब. खाली घर आहे की गोठा, काही कळेना. सात वर्षं ज्या सावलीत बसलो तिनेच घर झाकून टाकलं होतं.

पहिल्या सुनावणीला मी आणि हे गेलो. तहसीलदार बाई होत्या, वयाने माझ्याहून लहान. आवाज चढवून बोलल्या नाहीत. आवाज चढवला असता तर बरं झालं असतं, मलाही चढवता आला असता. त्यांनी विचारलं, "घर कधी बांधलं?"

मी म्हटलं, "सात वर्षं झाली, मॅडम."

त्यांनी समोरचा कागद फिरवून माझ्याकडे केला. "हे तुमच्याच खात्यातून भरलेलं आहे. दरवर्षी पूर्ण क्षेत्रात कपाशी आणि तूर. तुमच्याच नोंदीप्रमाणे मागच्या हंगामापर्यंत इथे घर नव्हतं. मग तेव्हा खोटं लिहिलं, की आता सांगता आहात?"

माझ्या मनात आलं, खोटं लिहिलं म्हणावं तर मामाजींवर केस होईल, कारण खातं त्यांचं. त्यांना आत टाकतील का? ऐंशीच्या घरातला माणूस. आणि नवीन बांधलं म्हणावं तर घर गेलं. मी यांच्याकडे पाहिलं, तर हे पंख्याकडे पाहत होते. वकिलांनी पुढे होऊन तारीख मागितली. बाईंनी दिली, पण म्हणाल्या, "पुढच्या वेळी जमीनमालकांना स्वतः घेऊन या. मला त्यांच्याकडून ऐकायचं आहे."

पुढचे पंधरा दिवस मी कसे काढले ते माझं मला माहीत. अन्न गोड लागेना. फाटकाशी कोणाची गाडी थांबली की मी झाडामागून डोकावून पाहायचे. एकदा लेकाचा मित्र पिवळं टीशर्ट घालून आला, तर पानांच्या फटीतून तो पिवळा रंग दिसताच माझ्या हातून दुधाचा भरलेला गंज सुटला. भांडी घासताना वाटायचं, कशाला घासते, हे सगळं बाहेर मातीतच पडणार आहे. मी घरातल्या कोणत्या वस्तू आधी बाहेर काढायच्या ते मनात ठरवून ठेवलं होतं. मामाजी मात्र मजेत. संध्याकाळी ओसरीवर बसून मला विचारायचे, "काहून वं सुकून राह्यली? डॉक्टरकडं जाय ना." माझ्या जिवाचं पाणी होत होतं अन् म्हणे डॉक्टरकडे जा.

शेवटी मी अकोल्याची बस धरली. माझं माहेर अकोल्याचं. मोठा भाऊ महसूल खात्यात मंडळ अधिकारी होता, आता निवृत्त आहे. आयुष्यभर लोकांच्या नोंदी तपासल्या, आणि सख्खी बहीण अशी निघाली! मी सगळं सांगितलं. तो ऐकत होता आणि ऐकता ऐकता त्याचा चहा गार झाला.

"तू निरा येडी हायेस का?" तो म्हणाला. "घराची जागा पड दाखवली असती तर आज तोच कागद दाखवून सुटली असती. सरकारी पुरावा होता तो. तूच खोडला."

"मामाजींसाठी केलं, दादा."

"आता मामाजीलेच उभं कर तहसीलदारापुढं." मग त्याने हात पुढे केला. "मोबाइल दे तुहा."

त्याने चष्मा लावला आणि मी दरवर्षी पीक पाहणीला काढलेले फोटो एकेक करून उघडले. मी ते फोटो काढून विसरले होते. पिकाचा फोटो, त्यात काय पाहायचं? दादाने पहिल्याच वर्षीचा फोटो दोन बोटांनी मोठा केला. तुरीच्या मागे उजव्या कोपऱ्यात आमच्या ओसरीचा खांब होता. त्याला बांधलेल्या दोरीवर माझं हिरवं लुगडं वाळत होतं. दुसऱ्या वर्षी भिंतीचा तुकडा आणि पत्र्याची कड. प्रत्येक फोटोवर जागेची खूण आणि तारीख, आणि हेच फोटो सरकारकडेही जमा. घर सात वर्षांचं असो नसो, त्या तारखेच्या आधीचं होतं हे माझ्याच मोबाइलात पडून होतं.

मी हसायला लागले. दादा हसला नाही. "थांब. हे दाखवलं तर घर दिसते, अन् खोटी नोंदही दिसते. दोन्ही एकाच फोटोत. लपवाछपवी नाही चालत मग. त्याईच्यापुढं उभं राहून सांगा लागते, आमी खोटं लिवलं, जागा पड हाय, दुरुस्त करून द्या. मामाजीनं स्वतःच्या तोंडानं." मग त्याने विचारलं, "घर सगळं एकाच वेळचं हाय ना? मागून काही वाढवलं नाई?"

मी म्हटलं, "नाही."

वाढवलं होतं. मागच्या वर्षीच, घराच्या पाठीमागे सैपाकघर. सहा वर्षं मी पुढच्या खोलीच्या कोपऱ्यात बसून सैपाक केला, येणारा-जाणारा माझ्या भाकरीवरून जायचा. मग हट्टाने बांधून घेतलं. कडप्प्याचा ओटा, पूर्वेला खिडकी, मसाल्याला भिंतीतलं कपाट. ते त्या तारखेच्या नंतरचं होतं. पण फोटो सगळे पुढच्या बाजूने होते, त्यात ते कुठेच नव्हतं. मी मनात म्हटलं, दिसत नाही ते सांगायचं कशाला. परतीच्या बसमध्ये मूर्तिजापूरपर्यंत मी तेच घोकत आले.

मामाजींना सांगायला आणखी तीन दिवस लावले. ते वांग्याच्या वाफ्यात बसून गवत काढत होते. मी समोर बसले आणि साबुदाण्याच्या डब्यातला कागद त्यांच्यापुढे ठेवला. सगळं सांगितलं. नोटीस, गॅसवाला, अंगठा, फोटो. ते गवत काढतच राहिले. मला वाटलं ओरडतील, काठी उचलतील. मी तयार होते. ते म्हणाले, "म्हंजे तथी मले सांगा लागीन, जमीन पड हाय म्हून."

"हो, मामाजी."

"चार लोकायपुढं."

"हो."

त्यांच्या हाताला माती लागली होती ती ते नखाने काढत बसले. मला इतकी भीती कोतवालाची वाटली नव्हती, तहसीलदार बाईंचीही नाही. मग मी हात जोडले. खरंच जोडले, देवाला जोडते तसे. "मामाजी, आतापर्यंत मी लय खोटं बोलली. तुमच्याशी बी बोलली. आता तुमी तथी जाऊन खरं सांगा. जे विचारतीन ते खरं खरं सांगून द्या, बस."

ते म्हणाले, "ठीक हाय."

सुनावणीच्या दिवशी त्यांनी पांढरं धोतर नेसलं, टोपी घातली. तहसीलच्या बाहेरच्या बाकावर गावातली दोन ओळखीची माणसं निघाली. त्यांनी रामराम घातला, मामाजींनी घेतला आणि मान खाली घातली. मला वाटलं, म्हातारा आत जाऊन नाही म्हणतो की काय. नाही म्हणाले तर आज संध्याकाळी मी कोणत्या घरात जाणार?

आत वकिलांनी फोटो दिले. बाईंनी एकेक नीट पाहिला, तारीख पाहिली, बाजूच्या कारकुनाला त्यांच्याकडच्या नोंदींशी जुळवून पाहायला सांगितलं. कारकून म्हणाला, जुळते मॅडम. मग त्या मामाजींकडे वळल्या. "बाबा, या नोंदी कोणी भरल्या?"

"सूनबाईनं. म्या सांगतलं म्हून."

"घराची जागा पिकाखाली आहे का?"

मामाजींनी टोपी काढून हातात घेतली. दारातून बाहेरच्या बाकावरचे ते दोघे दिसत होते, म्हणजे त्यांनाही आतलं ऐकू येत असणार. मामाजी म्हणाले, "नाई. पड हाय."

ते त्यांनी हळू म्हटलं नाही. बाहेर ऐकू जाईल असंच म्हटलं. कारकुनाने टाइप केलं. बाई म्हणाल्या की खोटी नोंद करणं चूक आहे, पुन्हा असं झालं तर कारवाई होईल, यावेळी ताकीद देऊन नोंद दुरुस्त करायला सांगते, आणि घराचा प्रस्ताव दंड भरून नियमित करण्यासाठी पुढे पाठवते. मला ते शब्द ऐकू आले पण अंगात शिरायला वेळ लागला. मग एकदम शिरले. यांनी माझ्याकडे पाहिलं आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. पंधरा दिवसांत पहिल्यांदा मला भूक लागली, तिथे, तहसीलदारांच्या समोर.

बाईंनी सहीसाठी पेन उचललं आणि सगळ्यांना विचारतात तसं विचारलं, "आणखी काही सांगायचं आहे का, बाबा?"

मी उठायच्याच बेतात होते.

"हाव," मामाजी म्हणाले. "सैपाकघर मागच्या वर्सीचं हाय."

मी त्यांच्या सदऱ्याचं टोक धरून ओढलं. इतकं जोरात की शिवण उसवली. वकिलांनी डोळे मिटून घेतले. मामाजी माझ्याकडे वळले आणि अगदी साध्या आवाजात म्हणाले, "तूच म्हटलं ना वं, खरं खरं सांगा म्हून."

बाईंनी पेन खाली ठेवलं. मग कारकुनाला म्हणाल्या, लिहा, मागील बाजूचं बांधकाम तारखेनंतरचं आहे, ते अर्जदाराने एक महिन्याच्या आत स्वतः काढून घ्यावं. त्यांचा आवाज काही कडक नव्हता. मला तर वाटते त्यांनाही वाईट वाटलं, पण ऐकल्यावर त्या तरी काय करणार.

घरी आले आणि त्या सैपाकघरात जाऊन ओट्यावर दोन्ही हात ठेवून रडले. मोठ्याने रडले. कोणी न विचारता सांगायची काय गरज होती? फोटोत नव्हतं, कागदात नव्हतं, कोणाच्या बापाला कळलं नसतं. मी तसंच म्हटलं त्यांना, तोंडावर. ते ओसरीवर बसून ऐकून घेत होते. म्हणाले, "इतके साल खोटं वाचून घेतलं म्या. आता नाई जमत, पोरी." मी म्हटलं, "तुमाले नाही जमत तं मले भोगा लागते ना!"

मशीन बोलवायचं नाही हे मीच ठरवलं. ऐन उन्हाळ्यात आम्ही स्वतः ते उतरवलं. लेकाने पत्रे काढले, यांनी विटा. कडप्प्याचा ओटा मामाजींनी आणि मी मिळून उचलला. तो चिरला, त्यांच्या बाजूने. त्यांनी चिरलेल्या कडेवरून बोट फिरवलं. संध्याकाळी मागची भिंत होती तिथून एकदम शेवंती दिसायला लागली. मला ते बघवेना.

दुसऱ्या दिवशी कडुनिंबाखाली तीन विटा मांडून चूल केली. वारा होता, जाळ एका जागी थांबत नव्हता. मामाजी ताट घेऊन समोर बसले. पहिला तुकडा मोडला आणि म्हणाले, "भाकर कच्ची राह्यली वं."

मी म्हटलं, "कच्चीच खा, मामाजी. सैपाकघर कोणं पाडलं?"

त्यांनी वर पाहिलं नाही. ती कच्ची भाकर त्यांनी शेवटच्या तुकड्यापर्यंत खाल्ली, आणि दुसरी मागितली.